लाल वायरीला गाठ

लाडखेड फाट्यावर, पंक्चरवाल्याच्या पाठीला पाठ लावून
मुनाफ मिस्त्रींचं टिनाचं दुकान.
आत फवारणीचे पंप भिंतीला टेकलेले,
पट्ट्यांना अजून औषधाचा वास,
अन् तक्रार बहुतेक एकच :
बटन दाबलं की गुर्र करते, थांबते.

पहिल्याच आठवड्यात मी मीटर लावून म्हटलं,
बारा पॉइंट सहा. बॅटरी चांगली हाये, मिस्त्री.
ते म्हणाले, "बसल्या बैलाकडं पाहून
तो किती वढते, सांगशीन का?
मोटर जोड. मंग पाह्य."
जोडली.
आकडा उतरला अकरा, नऊ, सात,
हातून दोर सुटलेल्या बादलीसारखा.
मीटर खोटं बोलला नव्हता.
मीच त्याला अर्धं विचारलं होतं.

तेव्हापासून मी ओझ्याखाली मोजते.
फ्यूजच्या अलीकडे, पलीकडे, स्विचच्या आधी, नंतर,
व्होल्ट कुठं गळतात ते हुडकत.
गुन्हेगार नखाएवढा निघतो :
थिंबलवर चढलेला हिरवा गंज,
नाहीतर मुगाच्या डाळीइतका उरलेला कार्बन ब्रश.
पॉलिश पेपरनं दोनदा घासलं
की पितळ तोंड दाखवतं.

माघात दिगंबर टेकाम तूर उफणायचा पंखा घेऊन आला.
पाती कूलरची, मोटर कुठल्याशा जीपच्या रेडिएटरची,
फ्रेम त्यानंच वेल्डिंग केलेली, जराशी तिरपी.
मिस्त्रींनी ब्रश बदलले, वायरी स्वतः जोडल्या,
बोटांनी चाचपत.
पंखा दणक्यात सुरू झाला
आणि बिडीची राख, पावत्या, कालच्या चहाचे कागदी कप,
सगळं आमच्याच तोंडावर.
"उलटा फिरते ना जी! भूस घरात जाईन माह्या!"
मिस्त्रीही हसले. "डीसी हाये, बाबा.
तारा पालटल्या की दिशा पालटते.
असं सोपं दुसरं काई दाखव मले."

पण पालटताना त्यांनी दोन्ही टोकं दाराकडे धरली,
लांब, मग अगदी डोळ्याशी,
आणि माझ्याकडे न पाहता विचारलं,
"यातली लाल कोणती, बेटा?"

मी सांगितली,
कुणी किती वाजले विचारावं अन् सांगावं, तशी.

दुसऱ्या दिवशी मी साडेसातच्या एसटीनंच उतरले.
जेवढ्या लाल वायरी दिसल्या
तेवढ्यांना टोकाशी मेणदोऱ्याची एकेक गाठ.
बोटं चिकट झाली, रॉकेलनं पुसली.

नऊला मिस्त्री आले, टोपी खिळ्याला लावली,
एक पंप मांडीवर घेतला.
अंगठा वायरीवरून सरकत गेला
आणि गाठीवर थांबला.
मी सोल्डर वितळवत होते,
एकच सांधा तिसऱ्यांदा.

"हे कोनं केलं?"
"मी."
बराच वेळ फक्त पंक्चरवाल्याचा कॉम्प्रेसर.
मग म्हणाले,
"गाठ जराशी मागं घेजो.
थिंबल बसत नाई."