मरण्यात तरबेज

मरायचा तो फार सुरेख.
घोड्यावरून, कड्यावरून, आणि गोठलेल्या हान नदीवर तर तीनदा मेला,
कारण पहिल्या दोन मरणांना उजेड पुरला नाही.
जोंगनोच्या थिएटरात बाया
चेस्टनट सोलता सोलता थांबत.
पडद्याशेजारी उभा राहून कुम बोंग-चुल
त्याच्या वतीनं बोलायचा:
"आई, बर्फाला केवढी ऊब आहे गं."
हे वाक्य कुणी लिहिलेलं नव्हतं.
बोंग-चुलला त्या रात्री जरा जास्त झाली होती, एवढंच.

मी तेव्हा तिकिटं फाडायचो.
प्यो इन-सोक मला ओळखत नसे.

मग पडद्यालाच वाचा फुटली.
प्योंगआनचा त्याचा हेल, नाकातला बारीक आवाज.
काचेमागे कुणीतरी हसलं.
काच पातळ होती.
कोट चढवत तो बाहेर आला, म्हणाला,
"चला, आता दुसऱ्यांना मारू."

म्हणजे निर्माता झाला.
दोन खोल्या, आणि टेलिफोन शेजारच्या दंतवैद्याचा.
वहीवर मी.
जमेला बायकोचं शिलाई मशीन, सासऱ्याची पितळी भांडी,
इंचॉनच्या तांदूळवाल्याचे आठशे वॉन
(त्याच्या मेहुणीला नदीकाठी उभं करायचं होतं, छत्री घेऊन).
खर्चाला दिवे, फिल्म, घोड्याचा चारा,
सेन्सॉरच्या कारकुनाला नाशपातीची पेटी.
शिल्लक हा शब्द त्या वहीत
माझ्या हातून कधी उमटला नाही.

नाशपाती खाऊनही कात्री चालायचीच.
रीळ परत यायचं ते आजारातून उठल्यासारखं,
कपडे तेच, आत अंग नाही.
एकदा शेवटच कापला.
दिवे लागले तरी लोक बसून,
आणि इन-सोक दाराशी उभा, एकेकाला सांगतोय:
संपलंय हो. खरंच संपलंय. घरी जा.
इतका लांब संवाद त्याला जन्मात मिळाला नव्हता.

कॅमेऱ्यापुढे पुन्हा गेला तो एकदाच.
मुडद्याचं काम करणारा पोरगा तापानं फणफणलेला,
आणि दिव्यांचं भाडं भरून झालेलं.
इन-सोक चटईवर पालथा पडला.
दिग्दर्शक ओरडला, श्वास दिसतोय!
"दिसू दे," चटईतूनच उत्तर आलं,
"पैसे माझे आहेत."

मग लढाई. मग आणखी एक.
कंपनीची सतरा रिळं मी विकली, वजनावर.
टोपीवाल्यानं घेतली. गरम पाण्यात घासली
की चित्र निघून जातं, म्हणाला, नितळ पट्टी उरते,
उन्हाळी टोपीच्या काठाला झकास बसते.
इन-सोकला सांगितलं.
"किती आले?"
आकडा सांगितला.
"आधी दंतवैद्याचं टेलिफोनचं देऊन टाक."

परवा ट्रामच्या थांब्यावर
माझ्यापुढे एक टोपी उभी होती.
पट्टी नीट धुतलेली नव्हती.
कानाच्या वर, नखाएवढे, चार खूर.
मी माझी ट्राम सोडली, त्या टोपीमागं चढलो,
दोन थांबे मान वाकडी करून पाहत राहिलो.
घोडा होता.
स्वार शिवणीत गेला होता.