सही नसलेला ड्रायव्हर

जुन्या गोव्याच्या धक्क्यावर फेरीवाल्यानं विचारलं,
दिवाडीत काय काम?
म्हटलं, ड्रायव्हर घेऊन चाललेय.
त्यानं माझ्या मागे बघितलं. मागे कुणी नव्हतं,
खिशात पेनड्राइव्ह होता.

कोमुनिदादच्या कचेरीत सिप्रियानबाब
पंख्याखाली फायली दाबून बसलेले.
संगणक अकरा वर्षांचा, त्याच्या पाठीत खोचलेला
अंगठ्याएवढा वायफायचा तुकडा,
दिवा मेलेला, नाव खाऱ्या हवेनं पुसलेलं.
नवा घ्या ना, साडेचारशेला मिळतो.
ते म्हणाले, खर्चाला ठराव हवा, ठरावाला सभा,
सभेला गांवकार, आणि गांवकार
निम्मे लिस्बनला, उरलेले सिमितेरीत.

मी आणलेला ड्रायव्हर बसेना.
वरून तोच तुकडा, आत चिप वेगळी:
ही आवृत्ती तीन, माझ्याकडची दोन.
सख्ख्या भावांचं असतं तसं,
एकाची चप्पल दुसऱ्याला होत नाही.
नेट असेल तर ड्रायव्हर उतरेल,
ड्रायव्हर असेल तर नेट येईल.
होडी पल्याड, वल्हं माझ्या हातात.

शेवटी मानशीपाशी गेले. तिथं बांधावर
फोनला दोन कांड्या येतात.
भरतीचं पाणी फळ्या ढकलत होतं.
बारा एमबी उतरेपर्यंत
एका पोरानं गळाला तीन शेवटे काढले.

परत येऊन बसवायला घेतला, तर पडदा लाल:
या ड्रायव्हरवर सही नाही.
सिप्रियानबाब ताठ झाले.
चाळीस वर्षांत बिनसहीचा कागद
त्यांनी टेबलावरून पुढे सरकू दिला नव्हता.
कुणी केला हा?
तैवानात कुणीतरी.
आणि जबाबदार कोण?
'तरीही बसवा' असं एक बटण होतं.
मी ते दाबलं. त्यांनी खिडकीबाहेर बघितलं.

पिवळा त्रिकोण गेला.
हिरवा ठिपका लुकलुकला, थांबला, पुन्हा लुकलुकला.
मानशीच्या लिलावाची नोटीस पणजीला पोचली.
लगेच खालच्या कोपऱ्यात: नवं अपडेट आहे.
नको! मी ओरडलेच.
त्यांनी लाल शाईत चिठ्ठी लिहून पडद्याला डकवली,
अपडेट करू नये. हुकमावरून.

मग कपाटातून जाडं रजिस्टर निघालं.
ड्रायव्हर, नग एक. आवृत्ती तीन. बिनसही.
तारीख. वेळ.
पेन माझ्याकडे वळवलं: हांगा, बाय. पूर्ण नाव.
बाहेर फेरीचा भोंगा वाजत होता.
मी लिहिलं, हेमश्री उसगांवकर.
त्यांनी वर टीपकागद ठेवला,
आणि फेरी सुटली तरी हात उचलला नाही.