तीन सूत

बोरीच्या बाजाराच्या दिवशी
रज्जाकच्या ऑटोवर दोरीनं आवळून
दारव्ह्याहून फळी आली.
आठ बाय चार, अठरा एमएम,
माणसाहून लांब
आणि वाऱ्यात माणसाहून हट्टी.
पुलावर वाटलं उडतो आता, रज्जाक म्हणाला,
आणि पाणी मागितलं.

बाबांनी बोटानं वाजवून पाहिली.
मग वास घेतला.
"कोनत्या झाडाची हाय?"
कोणत्याच नाही, म्हटलं,
भुसा असतो, डिंकात दाबलेला.
"म्हंजे पऱ्हाटीयी असन आतमंधी."
असेल.
"मंग घरचीच हाय," म्हणाले,
आणि खुर्ची सावलीत ओढायला लावली.

रेषा नाही, गाठ नाही.
सागवानात कसं, झाड म्हणेल तिकडून रंधा न्यावा लागतो;
इथं अडवणारं कोणी नाही.
करवत फिरली की नुसता धूर,
बेसनाहून बारीक,
बेबीनंदाच्या पापण्यांवर,
खाटेवर वाळत घातलेल्या सरगुंड्यांवर.
त्यावरून जे ऐकलं ते इथं लिहीत नाही.

साडेअकराला लाईट गेली.
तिसरं दार अर्धं कापलेलं, पातं आतच,
घास तोंडात धरून रुसलेल्या पोरासारखं
चार वाजेपर्यंत.

कडेला स्क्रू मारायचा तर आधी बारीक भोक,
दुकानातल्या पोऱ्यानं सांगितलं होतं.
मी घाई केली.
कोपरा पोळीसारखा पापुद्र्यांनी सुटला.
फेव्हिकॉल भरून, कागद घालून
रात्रभर त्यावर जात्याची तळी ठेवली.
कडांनी दोनदा प्रायमर पिऊन टाकलं
आणि तिसऱ्यांदा मागितलं.

ओट्याखालची कडाप्प्याची फडताळं
अकरा वर्षं एका मोतिया लुगड्यामागं होती.
ते काढलं तर डबे, बरण्या, कुकरची जुनी शिटी
एकदम उजेडात,
पाहुण्यासमोर अंगोळीहून आल्यासारखे.

तीन दारं बसली.
चौथं, भिंतीलगतचं, खाली जातं, वर अडतं.
बिजागरीचे स्क्रू डावे फिरवले, उजवे फिरवले.
"भित बराबर हाय," मागून आवाज, "फळी वाकडी तुयी."
गुण्या लावून दाखवला.
"गुण्या वाकडा."

मग मी त्यांचाच ओळंबा काढला,
पितळेचा, खताच्या पोत्याच्या तुकड्यात गुंडाळलेला,
आणि भिंतीला लावून सोडला.
झुलला.
झुलला.
थांबला.
वर दोरा भिंतीला टेकलेला,
खाली गोळा तीन सूत लांब.

चाळीस वर्षं दुसऱ्यांच्या भिंती उभ्या करून
आपलं घर त्यांनी सगळ्यात शेवटी घेतलं.
ही भिंत त्या दिवाळीनंतरची,
उजवा हात पुन्हा थापी धरायला शिकत होता तेव्हाची.

मी दोरा गुंडाळला.
म्हटलं, गुण्या मागं पडला होता एकदा ओट्यावरून,
सरकला असेल.
"मी म्हनलं नोतं?"

मग पेन्सिल मागितली. डाव्या हातात घेतली.
दार मांडीवर आडवं,
टेप नाही, पट्टी नाही,
एका दमात रेघ ओढली,
खाली कडेला मिळणारी,
वर कडेपासून जरा आत.
"एवढं काढ."

मोजलं नाही मी त्यांच्यासमोर.
पडवीत जाऊन मोजलं.
वर तीन सूत.
ना केसभर जास्त, ना केसभर कमी.

रंधा मारला. दार बसलं.
शाळेच्या रंगातून उरलेला पिस्ता रंग
चारही दारांना पुरला, आतून नाही पुरला.

रात्री बेबीनंदा भांडी लावत होती.
तेलाच्या कॅनखाली ती नेहमी
पुठ्ठ्याची एक घडी ठेवते, एका कडेला.
मला इतकी वर्षं वाटायचं, मुंग्यांसाठी.
"ठाऊक होतं तुला?"
हळू, म्हणाली, जागे आहेत ते.
पुठ्ठा होता तिथं परत सारला
आणि दार लावून घेतलं.