दोन ते चार

तीन आठवडे आधी नोटीस लावली होती,
लिलावघराच्या दारावर, बर्फाच्या मशीनपाशी,
गालिसियातल्या आमच्या या चिमुकल्या बंदराच्या फळ्यावर:
मंगळवारी पहाटे दोन ते चार
काटा बंद, पडदा बंद, विक्री बंद.
खाली सही माझी. उशिया.

एरवी एक सर्व्हर निजला की दुसरा जागतो,
पाळीपाळीनं, तान्ह्याच्या आईबापासारखे.
या वेळचं ठिगळ मात्र दोघांच्या सामाईक जागेवर होतं,
दोघांनाही एकदम झोपवायचं.
आई धक्क्यावर जाळी शिवायची. तिला फोनवर सांगितलं,
तर म्हणाली, मग? पाण्यात असताना शिवतं का कोणी?

दोन वाजून चार मिनिटं. बॅकअप घेतला.
घेतला, आणि पुन्हा उघडून पाहिला,
कारण गेल्या साली घेतलेला रिकामा निघाला होता.
हे मी अजून कुणाला सांगितलेलं नाही.
पहिला बंद. दुसरा बंद.
पंख्यांचा आवाज उतरला तेव्हा कळलं,
इतकी वर्षं तो होता.

एकसष्ट टक्क्यांवर पट्टी अडली
आणि खिडकीखाली इंजिन धडधडलं.
नोटीस माणसांनी वाचली होती, वाऱ्यानं नाही.
बोट दोन तास आधीच परतलेली,
अकरा पेट्या माकूल, बाकी बांगडा,
आणि बर्फ संपत आलेला.

फोन. मागं फिरवता येईल?
येईल, म्हटलं, चाळीस मिनिटं.
पुढं जायला तीस. कदाचित.
त्या ‘कदाचित’वर पलीकडून कुणीतरी शिवी हासडली.

मग खालून, फरशीतून, आवाज चढत आला.
बाल्दोमेरो.
निवृत्त, रोज रात्री नुसता कॉफीला येणारा,
उलट्या पेटीवर उभा राहून भाव उतरवत होता:
नव्वद एकोणनव्वद अठ्ठ्याऐंशी सत्त्याऐंशी
श्वास न घेता,
आकडे एकमेकांत विरघळलेले.
माझ्याकडे एकसष्ट.
एकसष्ट.
बासष्ट.
खाली कुणीतरी ओरडलं, माझं!

तीन एक्कावन्नला दोघे उठले,
त्यांनी एकमेकांना ओळखलं.
मी खाली गेले तर हातात चिटोरं दिलं,
ओलं, खवले चिकटलेलं.
ओळ ओळ चढवली: बोट, माल, वजन, भाव.
विक्रीची रीत? रकान्यात पर्याय दोनच,
पडदा, दूरस्थ.
तिसरा घालायचा तर पुन्हा नोटीस, पुन्हा दोन तास.
‘पडदा’ निवडलं.

एक खवला अजून आहे,
एंटरच्या कडेला.