अर्धा इंच माया

पस्तीस वर्षं ब्लाउज शिवतेय प्रभादेवीत,
जिन्याखालच्या गाळ्यात, जिथे मशीनचं पायडल
आणि माझा गुडघा एकाच सुरात कुरकुरतात.
छाती, कंबर, मुंढा, बाहीघोळ.
बायका वय लपवतात, टेपपुढे काही लपत नाही.
माझं माप मात्र मी कधी घेतलंच नव्हतं.
आंघोळीत बोटाला लागली ती,
उजवीकडे, शर्टाच्या बटणाएवढी.

परळला डॉक्टर सलढाणांनी
फाइलच्या कोऱ्या पाठीवर गोल काढला,
त्याच्याभोवती आणखी एक, जरा मोठा.
"एवढंच काढायचं, भोवतीचं थोडं निरोगी धरून.
मग तीन आठवडे किरणं.
बाकी तुमचं तुमच्याकडे."

घरी वन्सं म्हणाल्या, काढून टाक गं सगळं,
एकदाची ब्याद जाईल.
छप्पन्नाव्या वर्षी काय करायचंय त्याचं?
हे काही बोलले नाहीत. पंखा तीनवरून दोनवर केला,
मग परत तीनवर.
खरं सांगते, मलाही तेच वाटत होतं.
जास्त कापलं म्हणजे जास्त वाचलं,
हे गणित डोक्यातलं नाही, पोटातलं आहे,
म्हणून खोडता येत नाही पटकन.

दुसऱ्या खेपेला वही नेली, मापांचीच.
विचारलं, ठेवलं म्हणून लवकर मरेन का?
त्या हसल्या नाहीत.
"अशाच लहान गाठीच्या कितीतरी बायका
वीस-वीस वर्षं मोजून पाहिल्यात.
काहींचं सगळं काढलं, काहींचं एवढंसंच, वर किरणं.
आयुष्याच्या मापात फरक पडला नाही.
त्याच जागी पुन्हा उगवण्याची भीती
ठेवलेल्यांना किंचित जास्त, हेही लिहा.
म्हणून किरणं चुकवायची नाहीत.
म्हणून दर वर्षी मॅमोग्राफी."
लिहून घेतलं,
कुणा पाटकरबाईंच्या बाहीघोळाखाली.

"आणि ते भोवतीचं? ते तर चांगलं आहे ना?"
"काठावर काही उरलं नाही, याची खात्री."
म्हणजे माया, मी म्हटलं.
त्यांना कळेना. मग मीच समजावलं:
कापड बेतताना शिवणीबाहेर अर्धा इंच सोडायचं,
उद्या बाई अंगाने भरली तर उसवून सैल करता येतं.
त्या सोडलेल्याला माया म्हणतात.
डॉक्टरांनी पेन खाली ठेवलं.
"आमची माया उलटी. आम्ही ती बरोबर घेऊन जातो,
शाई लावून काठ तपासतो."

त्याच आठवड्यात दमयंती रेगे आल्या.
त्यांच्या डाव्या कपात बावीस वर्षं मी
पिंजलेला कापूस भरतेय, तळाशी मूठभर मोहरी,
दोन्हीकडचं वजन सारखं यावं म्हणून.
त्यांना सांगितलं. टाचणी तोंडात होती, तरी सांगितलं.
मोहरीची पुरचुंडी तळव्यावर जोखत म्हणाल्या,
"मला नव्हतं विचारलं कुणी. जागी झाले ती सपाट."
मग बऱ्याच वेळाने,
"जगले मात्र हं. दोन नातवंडांची लग्नं पाहिली."
आणि जाताना, चपला घालता घालता,
"तुला विचारतायत तर नीट बघून सांग."

सांगितलं. ठेवा म्हटलं.

रिपोर्टात काठ स्वच्छ आले.
किरणांच्या खोलीत पोरसवदा मुलाने
छातीवर खुणा केल्या, हात थरथरला त्याचा.
मी म्हटलं, घाबरू नकोस रे,
खडूची खूण ठळक असली की कात्री चुकत नाही.
कातडी काळवंडली, उन्हात राहिलेल्या कापडासारखी.
दमायला व्हायचं. दुपारी मशीनवरच डोकं टेकायचं.

काल पहिल्यांदा स्वतःचा ब्लाउज बेतला.
उजवा कप पाव इंच लहान, खाली एक खळगा,
टक्स जरा आत घ्यावे लागले.
माया मात्र दोन्हीकडे सारखी सोडली.
वहीत नाव घातलं, इंदुमती कोळंबकर,
मापं घातली, आजची तारीख घातली.
द्यायच्या तारखेची जागा कोरी ठेवली.
गिऱ्हाइकाला घाई नाही.