हिंदी व्यापारी आणि इतर

याकूब सारंगचं नाव पडद्यावर कधी आलं नाही.
काळ्या पुठ्ठ्यावर खडूने लिहिलेली नावं
आम्हीच धरायचो कॅमेऱ्यापुढे,
त्याच्यापर्यंत पोचायच्या आत वेळ संपायची.

कुवेत. एकसष्ट-बासष्टचा सुमार.
स्टुडिओ म्हणजे एक लांबट खोली,
आवाज घुमू नये म्हणून भिंतींना गोणपाट.
बाहेर शमाल सुटला की धूळ दाराखालून यायची
आणि कापडावर रंगवलेल्या समुद्रावर बसायची.
मी दिवे सांभाळायचो.
टेप नव्हती.
जे व्हायचं ते त्याच क्षणी शर्कमधल्या दिवाणियांत व्हायचं
आणि तिथेच संपायचं, चहाबरोबर.

एका संध्याकाळी याकूब तीन माणसं असायचा.
आधी हमाल.
मग कॅमेऱ्याच्या पोटाखालून रांगत जाऊन, दाढी चिकटवून, हकीम.
शेवटी काझी, दाढी तीच,
नुसती पिठाने पांढरी केलेली.
एकदा हमाल मेला आणि कॅमेरा त्याच्यावरून हलेचना.
तिकडे नायिका हकिमाची वाट बघत आजारी,
इकडे हकीम मेलेला, नाकावर माशी.
शेवटी तिने स्वतःच स्वतःची नाडी पाहिली.

बाप-आजा केळशीचे, तांडेल.
पण नोखदाचं काम त्याला कधी मिळालं नाही.
नोखदा म्हणजे आपला नाखवाच रे, तो म्हणायचा,
इतका पाण्यातून आला, भिजणारच.
नोखदा व्हायचे सुंदर दातांचे एक शाळामास्तर,
ज्यांना धक्क्यावर उभं राहूनही मळमळायचं.
याकूब व्हायचा हिंदी व्यापारी.
मोती तोलणारा, चिकट, लोकांनी हसायचा.

कैरोहून आलेला दिग्दर्शक म्हणाला होता,
तुझ्या भाषेत बोल. काहीही बोल.
कुणाला कळतंय?

मला कळायचं.
मोती तोलता तोलता तो धाकट्या भावाला शिव्या घालायचा,
आंब्याच्या पेटीचा भाव काढायचा,
एकदा तर दिग्दर्शकाच्या फाटक्या चपलेवर
दीड मिनिट बोलला, इतकं कळवळून
की दुसऱ्या दिवशी मासळीबाजारात
पोरं त्याचा सूर काढत मागे लागली.

त्या गुरुवारी त्याने तराजू उचलला.
एक मोती ठेवला. साबुदाणा होता तो, मीच आणलेला.
आणि त्याच व्यापारी सुरात, मान डोलवत,
"भिकाजी, तार आयली. मेहरून गेली.
तीन दिवस ताप. दफन पन झाला."
दुसरा साबुदाणा.
"जोडे घेतलेले तिला. लाल. पेटीत हायत."
आणि गिऱ्हाइकाने फारच कमी भाव सांगावा
तसे हात उडवले.

कॅमेरामनचे खांदे हसून हलत होते.
गावभर लोक तक्क्यांवर लोळले असतील.
माझा हात दिव्यावर होता.
हात हलला, दिवा हलला,
आणि कापडावरचा समुद्र
पहिल्यांदाच समुद्रासारखा हलला.

अकरा मिनिटांनी काझी होऊन
त्याने कुणाच्या तरी मुलीचा निकाह लावला.
शब्द चुकला नाही.
दिग्दर्शकाने मला बाजूला घेतलं. ते पाणी कसं केलंस?
दर आठवड्याला कर.

केलं. वर्षभर केलं.
पाणी नव्हतं ते, दिवा हलत होता.

पुढे टेप आली, चुकलं तर पुन्हा करायची सोय आली.
याकूब एकदा करून बघायला गेला,
चौथ्यांदा तोच मोती तोलायला लावला तेव्हा
साबुदाणा खिशात टाकून निघून आला,
शुवेखच्या गोदीत हिशेब लिहायला लागला.
स्वतःचं काम त्याने कधी पाहिलं नाही.
पाहणार कसा, त्या वेळी तो आत असायचा.

माझ्याकडे आता दाखवण्यासारखं काही नाही.
दाढी आहे. डिंकाने कडक झालेली,
बिस्किटांच्या डब्यात.
मागच्या उन्हाळ्यात उघडून पाहिली,
पिठाची बाजू किडीने खाल्लीय.
काझी गेला.
हकीम तेवढा आहे अजून.