तीन चमचे

लँकॅस्टरच्या पोलीस ठाण्यात, दुसऱ्या मजल्यावर,
खिडकीतून लून नदी दिसते. ओहोटीला नुसता चिखल.
माझं काम सोपं: ती म्हणेल तेच म्हणायचं.
पदरचं काही घालायचं नाही, काही गाळायचं नाही.
ती ‘मी’ म्हणाली, की मीही ‘मी’.

म्हणून सकाळपासून मी सांगते आहे,
व्याकरणशुद्ध इंग्रजीत,
की मी जिन्याखाली झोपायचे,
की माझा पासपोर्ट देव्हाऱ्यात होता, गणपतीच्या मागे,
आणि रोज फुलं मीच वाहायचे.

की मालकीणबाई पाहुण्यांना म्हणायच्या,
अगदी घरच्यासारखी आहे हो आमची कौतिका.

डिटेक्टिव्ह ब्रेथवेट विचारते, दाराला कुलूप होतं?
“न्हाई.”
मग निघून का नाही गेलात?
कौतिका तिच्याकडे नाही, माझ्याकडे बघते.
“उचल फिटली नव्हती ना, ताई.”

उचल.
मी अडते. कर्ज म्हणावं तर तसं नाही,
पगार तर नाहीच.
शेवटी ‘अ‍ॅडव्हान्स’ म्हणते,
ज्याचा या देशात पुढे जाणं असाही अर्थ होतो.
ब्रेथवेट लिहून घेते.
तिला कसं सांगू, की हिच्या धारूरकडे
दिवाळी सरली की मुकादम नवरा-बायकोला मिळून
एक कोयता मोजतो. माणसं दोन, कोयता एक.
नवरा गेला, तशी ही अर्धा कोयता उरली,
आणि अर्ध्या कोयत्याला विमानाचं तिकीट
मुकादमाच्याच मेहुण्याने काढून दिलं.
हे तिने सांगितलेलं नाही सगळं.
म्हणजे मीही सांगायचं नाही.

फॉर्मवर एक चौकट आहे. मी शब्द उच्चारते: गुलामगिरी.
कौतिका हसते. आज पहिल्यांदाच.
“गुलाम तं पत्त्यात असतो.
राणीच्या खाली, दश्शीच्या वर.
मह्या खाली कुठं कोण व्हतं?”

जेवणाच्या सुट्टीत मी धक्क्यावर जाते.
गोदामांचे फ्लॅट झालेत. बाल्कनीत सायकली, ओले टॉवेल.
इथून निघालेली जहाजं आफ्रिकेच्या किनाऱ्यावर माणसं भरत,
पलीकडच्या बेटांवर, उसात, ती रिकामी करत,
आणि साखर घेऊन याच चिखलात परत येत.
जुन्या जकातघरात, काचेमागे,
डोर्कस विथम नावाच्या बाईची साखरदाणी आहे
आणि तिच्या हातची एक ओळ, सतराशे ब्याण्णवची:
आजपासून या मेजावर साखर नाही.
तिच्या नवऱ्याचा एका जहाजात सोळावा हिस्सा होता.
तो मग चहाला घरी येईनासा झाला, असं पाटी सांगते.
साखरदाणीच्या तळाशी एक मेलेली माशी.
डोर्कस मला आवडते.
साखर मीही सोडली आहे, पण डॉक्टरांच्या सांगण्यावरून.

दोन वाजता शेवटचं पान.
सही हवी, पण तिची मर्जी असेल तरच.
मर्जी. मी दोनदा सांगते.
तिला वाटतं, विचारायची माझीच काही चूक होते आहे.
मग ती पेन धरते, मूठ वळून, पात्याला धार नसल्यासारखं,
आणि ‘कौतिका’तल्या ‘का’चा काना
चौकटीच्या बाहेर, टेबलावर जातो.

ब्रेथवेट चहा आणते. साखर?
मी तोंड उघडायच्या आधीच
कौतिका तीन बोटं वर करते.
“जल्मभर तोडलाय म्या ऊस. गोडच पिणार.”

मला तीन चमचे, मी इंग्रजीत सांगते,
नियमाप्रमाणे, ‘मी’ म्हणून,
आणि ब्रेथवेट दोन्ही कपांत
तीन-तीन टाकते.

मी काही बोलत नाही.
ओहोटी उलटली आहे, चिखलावर पाणी चढतंय.
कौतिका बशीत ओतून फुंकते.
मी पिते. तळाशी उरलेलं
बोटाने काढून.